मुद्दल किती, व्याज किती?

१२ मे १८७५. पुणे जिल्ह्यातल्या सुपे या बाजाराच्या गावात आसपासच्या खेड्यांतले शेतकरी जमले आणि त्यांनी सावकारांची दुकाने गाठली. त्यांना सगळ्यात आधी हवे होते ते कागद, म्हणजे वह्या आणि कर्जाचे रोखे. जे हाती लागले त्याची तिथेच होळी झाली. धान्याची दुकाने लुटली गेली, काही घरांना आगी लागल्या. मग हे लोण पुणे आणि नगर जिल्ह्यांतल्या तीसहून जास्त गावांत पसरले. आपण शाळेत हे 'दख्खनचे दंगे' म्हणून वाचलेले असते. चार ओळी, दोन गुण.

त्या कागदांत नेमके काय होते, हे मात्र शाळेत कुणी फारसे सांगत नाही. ते आज सांगण्यासारखे आहे, कारण वीस-तीस वर्षांच्या गृहकर्जावर सही करणाऱ्या कुणालाही त्यातली एक गोष्ट ओळखीची वाटेल. सुप्याच्या शेतकऱ्याला आपण घेतले किती, फेडले किती आणि उरले किती, हे त्या कागदावरून कळत नव्हते. मुद्दल आणि व्याज एकमेकांत मिसळून गेले होते.

आधी एक जुना शब्द पाहू. 'दामदुप्पट' हा शब्द आज आपण बहुतेक वेळा फसव्या योजनांच्या जाहिरातींत वाचतो. मुळात तो कर्जदाराच्या बाजूचा नियम होता. एका वेळी वसूल करायचे व्याज मुद्दलापेक्षा जास्त असता कामा नये, असे हा नियम सांगे. शंभर दिले असतील तर थकलेल्या व्याजासकट फार तर दोनशे मागा. मनुस्मृतीत हे तत्त्व आहे आणि मराठी मुलखात सावकार व कूळ दोघांनाही ते ठाऊक होते. नियम बारकाईने वाचला तर त्यातली फटही दिसते. मर्यादा 'एका वेळी' थकलेल्या व्याजावर होती, वर्षानुवर्षे थोडे थोडे देत राहिलेल्या एकूण व्याजावर नव्हती. ही फट लक्षात ठेवा, पुढे ती कामाला येईल.

इंग्रजांनी मुंबई इलाख्यात १८२७च्या कायद्याने व्याजाला १२ टक्क्यांची मर्यादा घातली होती. १८५५मध्ये ती उठवली गेली. त्या काळच्या विलायतेतल्या विचाराप्रमाणे व्याजाचा दर ही दोघांच्या मर्जीची गोष्ट, सरकारने त्यात पडू नये. दामदुपटीचा नियम मुंबईच्या न्यायालयांनी हिंदू कायद्याचा भाग म्हणून टिकवला. पण त्याला वळसा घालायची सोय दुसऱ्याच एका कायद्याने करून दिली, आणि तो कायदा आणला होता तो कर्जदाराच्या भल्यासाठी!

१८५९च्या मुदतीच्या कायद्याने ठरवले की, कर्जाचा रोखा तीन वर्षेच चालेल. त्यानंतर सावकाराला त्यावर दावा लावता येणार नाही. जुनी देणी पिढ्यान्‌पिढ्या व्याज खात पडून राहू नयेत, हा हेतू. प्रत्यक्षात सावकार दर तीन वर्षांनी शेतकऱ्याला बोलावून नवा रोखा लिहून घेऊ लागला. या रोख्यावर मुद्दल म्हणून आकडा पडे तो जुने मुद्दल अधिक थकलेले व्याज यांच्या बेरजेचा. कालचे व्याज आजचे मुद्दल झाले की त्यावर पुन्हा व्याज सुरू, आणि दामदुपटीची मोजणीही नव्या आकड्यापासून.

हिशेबापुरता वर्षाला २४ टक्के दर धरा. शंभर रुपये घेतले आणि काहीच फेडता आले नाही, तर तीन वर्षांनी नवा रोखा १७२ रुपयांचा होतो. सहा वर्षांनी सुमारे २९६, नऊ वर्षांनी ५०९, बारा वर्षांनी ८७५. जुन्या नियमाने हा आकडा दोनशेवर थांबायला हवा होता. दंग्यांनंतर नेमलेल्या चौकशी आयोगासमोर आलेल्या एका प्रकरणात तर शंभर रुपयांच्या कर्जावर दोन हजारांहून जास्त व्याज लावलेले होते.

ही कर्जे वाढली कशी, तीही वाचण्यासारखी गोष्ट आहे. १८६१ ते १८६५ या काळात अमेरिकेत यादवी युद्ध सुरू असताना तिकडचा कापूस बंद झाला, इकडच्या कापसाला सोन्याचा भाव आला आणि दख्खनच्या शेतकऱ्याला हवे तेवढे कर्ज मिळू लागले. युद्ध संपले, भाव पडले. १८६७च्या सुमारास शेतसारा भरमसाट वाढवण्यात आला. कर्ज घेतले होते चढत्या काळातल्या कमाईच्या भरवशावर, आणि फेडायचे होते पडत्या काळात.

१८७९मध्ये सरकारने दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कर्जनिवारणाचा कायदा केला. तो आधी पुणे, सातारा, सोलापूर आणि नगर या चार जिल्ह्यांना लागू झाला. त्यातली एक तरतूद मला फार महत्त्वाची वाटते. न्यायाधीशाने रोख्यावरच्या आकड्यावर विसंबून राहायचे नाही. व्यवहार पहिल्यांदा झाला तिथपर्यंत मागे जायचे आणि मुद्दल व व्याज वेगवेगळे मांडून हिशेब करायचा. शिवाय कर्जदाराला पैसे दिल्याची पावती, वर्षाचा हिशेब आणि पासबुक मागण्याचा हक्क मिळाला. सावकारांनीही लगेच पळवाट काढली. गहाणखताऐवजी ते सरळ खरेदीखतच करून घेऊ लागले, आणि 'पैसे फेडलेस की जमीन परत' हे आश्वासन तोंडीच राहिले. तरी कर्जाचा इतिहास तपासायचा आणि दोन रकाने वेगळे करायचे, ही कल्पना कायद्यात लिहिली गेली.

आता शेतातून शहरात येऊ.

मुंबईत पगारदार माणसाला स्वतःचे घर ही बराच काळ नोकरी संपतानाची गोष्ट होती. भविष्यनिर्वाह निधी, पत्नीचे दागिने आणि गावाकडच्या जमिनीचा तुकडा विकून आलेले पैसे एकत्र करून साठीला घर. काहींनी सहकाराची वाट धरली. १९१५मध्ये गावदेवीत सारस्वतांची सहकारी गृहनिर्माण संस्था उभी राहिली, ती त्यातली सगळ्यात जुनी. पण पंचविशी-तिशीतल्या माणसाला पुढच्या पगारांच्या भरवशावर पैसे देणारे मोठे दुकान नव्हते. आयसीआयसीआयमधून निवृत्त झालेल्या हसमुखभाई पारेख यांनी वयाच्या ६६व्या वर्षी, १९७७मध्ये एचडीएफसी काढली ती या कामासाठी. तिने १९७८मध्ये दिलेले पहिले कर्ज ३० हजार रुपयांचे होते, मालाडमधल्या घरासाठी, साडेदहा टक्के व्याजाने.

हे शक्य झाले ते समान मासिक हप्त्यामुळे, म्हणजे ईएमआयमुळे. ही युक्ती आपली नाही. अमेरिकेत १९३०च्या मंदीपर्यंत घरकर्ज बहुधा तीन-पाच वर्षांचे असे. दरम्यान मुख्यतः व्याज भरायचे, आणि मुदत संपली की मोठी रक्कम एकदम द्यायची किंवा नवे कर्ज काढायचे. मंदीत नवे कर्ज मिळेना आणि घरे भराभर जप्त झाली. मग १९३३-३४मध्ये सरकारी संस्था उभ्या करून तिथे लांब मुदतीचे, दर महिन्याला मुद्दल आणि व्याज दोन्ही फेडत जाणारे कर्ज रुळवले गेले. शेवटी डोंगर उरत नाही. कर्जदारासाठी ही खरोखर मोठी सुधारणा होती आणि तिला नावे ठेवायचे कारण नाही.

फक्त तिच्याबरोबर एक गोष्ट झाली. दोन आकड्यांचा पुन्हा एक आकडा झाला.

आजचा हिशेब करू. ५० लाखांचे कर्ज, साडेआठ टक्के, २० वर्षे. हप्ता येतो ४३,३९१ रुपये. पहिल्या हप्त्यातले ३५,४१७ रुपये व्याजाचे आणि फक्त ७,९७४ मुद्दलाचे. वर्षभरात तुम्ही पाच लाख वीस हजार भरता, कर्ज कमी होते एक लाखापेक्षाही थोडे कमी. हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा जास्त व्हायला जवळजवळ बारा वर्षे लागतात. कर्ज निम्म्यावर येते १३ वर्षे १० महिन्यांनी. तोवर ७२ लाख भरून झालेले असतात. वीस वर्षांची बेरीज १ कोटी ४ लाख. म्हणजे व्याज ५४ लाख, मुद्दलापेक्षा जास्त. दामदुप्पट ओलांडली.

मुदत ३० वर्षे केली तर हप्ता ३८,४४६ वर येतो. महिन्याला साधारण पाच हजार वाचतात आणि एकूण व्याज ५४ लाखांवरून ८८ लाखांवर जाते. विक्रीच्या कार्यालयात पुढे केला जाणारा आकडा पहिला असतो. 'हप्ता किती बसेल?' हा प्रश्न आपणही इतक्या वेळा विचारतो की घराची किंमत म्हणजे हप्ता, असेच वाटू लागते.

आपल्या आईवडिलांच्या पिढीने याहून कडक दिवस काढले. नव्वदच्या दशकात १५ टक्क्यांच्या आसपासचे दर होते. एक लाखाला १५ वर्षांत अडीच लाख. त्यात 'वार्षिक शिल्लक' नावाची पद्धत होती. हप्ता दर महिन्याला घ्यायचा, पण मुद्दलातून वजा करायचा वर्षअखेरीला. जानेवारीत फेडलेल्या पैशांवरही डिसेंबरपर्यंत व्याज चालू! १५ टक्के आणि १५ वर्षे धरली तर या एका बारकाव्याची किंमत लाखामागे साडेचार हजारांहून जास्त पडे. कर्जाच्या कागदावर त्यासाठी एखादी ओळ असे आणि सही त्याच्या खाली.

मग बदलते दर आले. बाजारातले व्याज उतरले की तुमचेही उतरेल, असे त्यांचे सांगणे. पण दर ज्या आकड्याला बांधला होता तो आकडा बँक स्वतःच ठरवत असे. दर चढताना तो तत्परतेने चढे. उतरताना नव्या ग्राहकाला सवलत मिळे आणि जुना ग्राहक वरच राही. 'आमचाही दर कमी करा' म्हटले की त्यासाठी शुल्क. रिझर्व्ह बँकेने २०१०मध्ये पायाभूत दर आणला, २०१६मध्ये निधीच्या खर्चावर आधारलेला दर आणला, आणि तरीही जमेना तेव्हा १ ऑक्टोबर २०१९पासून बँकांना नवी बदलत्या दराची घरकर्जे रेपो दरासारख्या बाहेरच्या आकड्याला बांधणे भाग पाडले. मुदतीआधी कर्ज फेडल्याचा दंड बँकांच्या बदलत्या दराच्या घरकर्जांवरून २०१२मध्येच गेला होता. ही लढाई कुठल्या मैदानात झाली नाही, परिपत्रकांत झाली, त्यामुळे तिच्याविषयी कुणी फार लिहिले नाही.

रेपोला बांधल्यावर दर खरोखर बाजाराबरोबर हलू लागला, दोन्हीकडे. मे २०२०मध्ये रेपो ४ टक्क्यांवर आला आणि २०२१मध्ये सात टक्क्यांच्या आसपास, कधी त्याखालीही, घरकर्ज मिळू लागले. कापसाला भाव आला होता, म्हणा ना. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या नऊ-दहा महिन्यांत रेपो साडेसहा टक्क्यांवर गेला.

यात काय झाले ते ५० लाखांवरच पाहू. सात टक्क्यांनी २० वर्षांचा हप्ता ३८,७६५ रुपये. सोय म्हणून समजा की वीस हप्ते भरून झाले आणि दर एकदम साडेनऊ टक्के झाला. शिल्लक साधारण ४७ लाख ९७ हजार. तिच्यावरचे महिन्याचे व्याज ३७,९७६. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलातून महिन्याला कमी होतात आठशे रुपयांपेक्षाही कमी, आणि कर्ज फिटायला आणखी ४१ वर्षे लागतील. बँका कर्जदाराचे वय पाहून एवढी मुदत देत नाहीत. त्या काही मुदत वाढवतात, काही हप्ता. पण अनेकांच्या मोबाइलवर तेव्हा कुठलीच धोक्याची घंटा वाजली नाही. हप्ता पूर्वीइतकाच कापला जात होता. मुदत मागच्या मागे वाढली होती.

२०२०चा टाळेबंदीचा काळ याहून बोलका आहे. मार्च ते ऑगस्ट असे सहा महिने हप्ते न भरण्याची मुभा मिळाली, पण व्याज चालू राहिले आणि ते मुद्दलात मिळवले गेले. तीन वर्षांचा रोखा सहा महिन्यांत नवा झाला. 'व्याजावर व्याज' घेऊ नका म्हणून प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले आणि मार्च २०२१मध्ये न्यायालयाने त्या काळापुरते ते नाकारले. तत्त्वाच्या दृष्टीने हा निकाल थेट १८७९च्या वळणाचा आहे. पण आकडे पाहा. वरच्या साडेआठ टक्क्यांच्या अगदी नव्या कर्जात सहा महिन्यांच्या व्याजावरचे व्याज होते सुमारे ३,८०० रुपये. साधे व्याजच २ लाख साडेबारा हजार. हप्ता तोच ठेवून हे ओझे शेवटाला ढकलले, तर सहा चुकवलेल्या हप्त्यांच्या बदल्यात कर्ज साधारण तीस हप्त्यांनी लांबते. तेरा लाख रुपये. वाद झाला तो ३,८०० रुपयांचा.

मोठा खर्च बहुधा असा शेवटाला जाऊन बसलेला असतो, म्हणून तो दिसत नाही.

आता त्या जुन्या फटीकडे. महाराष्ट्राच्या २०१४च्या सावकारी नियमन कायद्यानुसार परवानाधारक सावकाराला मुद्दलापेक्षा जास्त व्याज वसूल करता येत नाही. दामदुपटीचा नियम आपल्या राज्यात असा अजून जिवंत आहे. तो बँकांना लागू नाही. शिवाय १९८४मध्ये बँकिंग कायद्यात घातलेल्या एका कलमामुळे, बँकेने लावलेले व्याज अवाजवी आहे म्हणून न्यायालयाला ते प्रकरण पुन्हा उघडता येत नाही. गल्लीतल्या सावकाराला दुप्पटीचे कुंपण आहे. तीस वर्षांच्या घरकर्जाला ते नाही.

म्हणून बँक म्हणजे नवा सावकार, असे म्हणायचा मोह होतो. मला ते पटत नाही. साडेआठ टक्के म्हणजे २४ टक्के नव्हेत. वीस वर्षांनी भराव्या लागणाऱ्या ४३ हजारांची किंमत आजच्या ४३ हजारांइतकी नसते, आणि दरम्यान पगार वाढला तर तोच हप्ता हलका वाटतो. भाडे वाचते. हप्ता नियमित भरणाऱ्याचे व्याज तुंबतही नाही, त्यामुळे जुन्या नियमाच्या अक्षराप्रमाणेही इथे काही मोडत नाही. दुप्पट पैसे गेले म्हणजे फसवणूक झाली, असा हिशेब चुकीचा आहे. पण पगार वाढेल, नोकरी टिकेल, दर खाली येतील, हे सगळे कर्जदाराच्या बाजूचे अंदाज आहेत. रोख्यावर लिहिलेले काही नाही. १८६५च्या कापसाचा भावही टिकेल असेच वाटले होते.

१८ ऑगस्ट २०२३ रोजी रिझर्व्ह बँकेने एक परिपत्रक काढले. दर बदलला की हप्त्यावर आणि मुदतीवर काय परिणाम होईल ते कर्जदाराला कळवा. हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही, हे त्याला निवडू द्या. हप्त्यातून व्याजही भागत नाही अशी वेळ मुदत वाढवताना येऊ देऊ नका. आणि दर तिमाहीला विवरण उपलब्ध करा, त्यात आजवर वसूल केलेले मुद्दल, आजवर वसूल केलेले व्याज, हप्त्याची रक्कम, उरलेले हप्ते आणि वार्षिक दर असलाच पाहिजे. १ ऑक्टोबर २०२४पासून नवे कर्ज देताना शुल्कांसकट खरा वार्षिक दर सांगणारे पत्रकही द्यावे लागते. १८७९मध्ये सुप्याच्या शेतकऱ्याला जो वर्षाचा हिशेब आणि जे पासबुक मागायचा हक्क मिळाला होता, त्याचेच हे १४४ वर्षांनंतरचे रूप.

हे विवरण बँकेच्या ॲपमध्ये असते किंवा ईमेलवर येते. बहुतेक जण ते उघडत नाहीत. त्यात दर बदलल्यानंतरचा 'उरलेले हप्ते' हा आकडा आधीच्या तिमाहीशी ताडून पाहायचा. तीनने कमी झाला असेल तर ठीक. कमी झाला नसेल, किंवा वाढला असेल, तर मागच्या मागे नवा रोखा लिहिला गेला आहे. तेव्हा हप्ता वाढवून मागायचा, किंवा जमेल तेव्हा मुद्दलात थोडे जास्तीचे भरायचे. वरच्या ५० लाखांच्या उदाहरणात दर वर्षी एक जादा हप्ता मुद्दलात टाकला, तर वीस वर्षांतली तीनहून जास्त वर्षे कमी होतात आणि जवळपास दहा लाखांचे व्याज वाचते. हे पैसे सुरुवातीच्या वर्षांत भरले तर जास्त उपयोगी, कारण व्याजाचा मोठा भाग तिथेच असतो. आणि भरताना ते 'मुद्दलात' जमा करा असे लेखी सांगायचे, नाहीतर ते पुढचा हप्ता म्हणून पडून राहू शकतात.